खोकला बरा झाला, खोली तीच राहिली

सोलापूरच्या पूर्व भागातल्या माझ्या दवाखान्यात एक बाई गेली बारा वर्षे येतात. वय पन्नाशीचे, काम विड्या वळण्याचे. सगळी गल्ली त्यांना अक्का म्हणते, म्हणून मीही अक्काच म्हणतो. २०१३ साली त्या प्रथम आल्या त्या नवऱ्याला घेऊन. ते यंत्रमागावर कामाला. महिनाभर खोकला, संध्याकाळी कणकण, वजन उतरलेले. थुंकी तपासली, क्षय निघाला. सहा महिन्यांचे औषध पुरे केले आणि ते बरे झाले. २०१७ साली अक्का स्वतः आल्या. पुन्हा तेच दुखणे, तेच औषध. त्याही बऱ्या झाल्या. आणि २०२३ च्या पावसाळ्यात त्यांनी एकोणीस वर्षांच्या मुलीला माझ्यासमोर बसवले. मुलीचा खोकला ऐकला आणि निदान माझ्या लक्षात आले.

त्या दिवशी दवाखान्यात गर्दी होती आणि मी चिडलो. "एकाच घरात तीनदा क्षय? तुम्ही लोक गोळ्या नीट घेत नाही, दारं-खिडक्या बंद करून बसता, मग दुसरं काय होणार!" असे मी बोलून गेलो. अक्कांनी पिशवीतून जुने उपचारपत्रक काढले. एकही दिवस चुकलेला नव्हता. मग त्या म्हणाल्या, "गोळ्या संपल्यावर आम्ही जातो कुठं डॉक्टर? त्याच खोलीत की."

या वाक्यावर माझ्याजवळ उत्तर नव्हते. दवाखाना आटोपून रात्री मी ती खोली पाहायला गेलो. दहा वर्षे ज्या कुटुंबाला औषध दिले, त्यांचे घर मी तोवर पाहिले नव्हते.

दहा फूट बाय बारा फूट. वर पत्रा. पुढे एक दार, ते बोळात उघडणारे. मागे पूर्वी खिडकी होती, पण घरमालकाने पाठीमागे आणखी एक खोली काढली तेव्हा ती विटांनी बुजवली. एका कोपऱ्यात मोरी, दुसऱ्या कोपऱ्यात गॅस, मध्ये सूप, त्यात तंबाखू आणि कापलेली पाने. माणसे पाच. रात्री दार लावले की आत हवा येण्याची वाटच नाही. भाडे महिना २,८०० रुपये, लाइट बिल वेगळे. मी ज्या खिडक्या उघडा म्हणून ओरडलो होतो, त्या त्या घराला नव्हत्याच.

हवा हेही औषध

क्षयाचा जंतू हवेतून पसरतो हे आपण शाळेत शिकतो, पण त्याचा अर्थ नीट लक्षात घेत नाही. रोगी खोकला की अतिसूक्ष्म थेंब बाहेर पडतात. मोठे थेंब खाली बसतात. बारीक थेंब मात्र कितीतरी वेळ हवेत तरंगत राहतात. खोलीत वारा खेळता असेल तर ते पांगतात, बाहेर जातात. ऊन आत येत असेल तर जंतू फार काळ टिकत नाही. बंद, अंधाऱ्या खोलीत मात्र तीच हवा पाच माणसे रात्रभर आलटून पालटून घेत असतात. उपचार न घेतलेला एक रोगी वर्षभरात दहा-पंधरा जणांपर्यंत संसर्ग पोचवू शकतो. त्यांत पहिला नंबर अर्थातच त्याच्या अंथरुणाशेजारी झोपणाऱ्याचा.

संसर्ग झाला म्हणजे लगेच रोग होतो असेही नाही. जंतू शरीरात वर्षानुवर्षे निपचित पडून राहतो. अशक्तपणा, मधुमेह, अपुरे जेवण, विडी-सिगारेट यांनी शरीराची ताकद खचली की तो डोके वर काढतो. म्हणून नवऱ्याचा क्षय २०१३ चा आणि मुलीचा २०२३ चा, तरी दोन्हींचे मूळ एकाच खोलीत असू शकते.

क्षयाचेच कशाला, दम्याचा पेशंट ओल आलेल्या भिंतीशेजारी झोपला तर त्याचा पंप सुटत नाही. उन्हाळ्यात पत्र्याखाली दुपारी बसणे म्हाताऱ्या माणसाच्या जिवावर बेतू शकते. मी चिठ्ठीवर गोळ्या लिहितो, पण रोग पोसणारी खोली चिठ्ठी लिहून बदलत नाही.

भाडे परवडते, हप्ता नाही?

"मग खोली बदला ना," असे कोणीही म्हणेल. मीही म्हणालो. अक्कांनी हिशेबच मांडला. चांगली खोली घ्यायची तर भाडे दुप्पट आणि डिपॉझिट वेगळे. आणि भाड्याच्याच खोलीत राहायचे तर स्वतःची का नको? त्यासाठीही त्या बँकेत जाऊन आल्या होत्या.

साधे गणित पाहा. तीन लाख रुपयांचे कर्ज नऊ टक्के व्याजाने वीस वर्षांसाठी घेतले, तर महिन्याचा हप्ता साधारण २,७०० रुपये पडतो. अक्का भाडे भरतात २,८००. म्हणजे हप्ता भरण्याची ऐपत त्यांनी वर्षानुवर्षे, एकही महिना न चुकवता सिद्ध केलेली आहे. पण बँकेला लागते पगारपत्रक. यंत्रमागावरच्या मजुरीला पगारपत्रक नसते. विड्यांचा हिशेब हजारावर असतो, कधी काम असते, कधी नसते. त्यातून तीन लाखांत शहरात मिळते ते काय, तर हद्दीबाहेरचा गुंठा-अर्धा गुंठा. त्याला बिगरशेतीचा, म्हणजे एन.ए.चा आदेश नसतो, म्हणून बँक त्यावरही कर्ज देत नाही. माणसाकडे पगारपत्रक नाही आणि जागेकडे एन.ए. नाही. दोन्ही दारे बंद. क्षयाचा दाखला मी अक्कांना एका मिनिटात लिहून देऊ शकतो. पगाराचा दाखला मला देता येत नाही.

आता माझे सांगतो. २०१६ साली मी घरासाठी कर्ज घेतले. तीन वर्षांची प्राप्तिकराची विवरणपत्रे दिली आणि पंधरा दिवसांत कर्ज मंजूर. त्या कर्जाच्या व्याजावर वर्षाला दोन लाख रुपयांपर्यंत उत्पन्नातून वजावट मिळत होती, ती मी घेतली. म्हणजे माझ्या घराला सरकारचा हातभार लागला. अक्कांच्या खोलीला लागला नाही. जो करच भरण्याइतका कमावत नाही, त्याला करातली सवलत कशी मिळणार?

गरिबांसाठी योजना नाहीत असे नाही. २०१५ साली प्रधानमंत्री आवास योजना आली. वर्षाला सहा लाखांपर्यंत उत्पन्न असणाऱ्यांना सहा लाखांपर्यंतच्या कर्जावर साडेसहा टक्के व्याज सवलत होती. जास्तीत जास्त लाभ सुमारे २ लाख ६७ हजारांचा. या गटासाठीचा तो भाग २०२२ मध्ये संपला. पण ती सवलत मिळवण्याची पहिली अट अशी, की आधी बँकेने कर्ज द्यायला हवे. स्वतःच्या जागेवर घर बांधणाऱ्याला केंद्राचे दीड लाख आणि राज्याचे एक लाख मिळत. तिथे आधी स्वतःची जागा हवी. ज्याच्याकडे थोडेफार आहे, त्याला त्यात भर. ज्याच्याकडे काहीच नाही, तो रांगेच्या बाहेर.

हा एकट्या अक्कांचा प्रश्न नाही. केंद्र सरकारच्या तज्ज्ञगटाने २०१२ साली देशातल्या शहरांत सुमारे १ कोटी ८८ लाख घरांची टंचाई असल्याचे सांगितले. त्यातली शंभरातील जवळपास ९६ घरे दुर्बल आणि अल्प उत्पन्न गटाला हवी होती. आणि २०११ च्या जनगणनेत शहरांतून सुमारे १ कोटी ११ लाख घरे कुलुपबंद, रिकामी आढळली होती. घरे बांधली गेली, पण ज्यांना हवीत त्यांच्यापर्यंत पोचली नाहीत.

मुंबईने शिकवलेले दोन धडे

घर आणि रोग यांचे नाते आपल्या राज्यकर्त्यांना माहीत नव्हते असे मुळीच नाही. १८९६ साली मुंबईत प्लेग आला. माणसे पटापट मेली ती मुख्यतः कोंदट, दाटीच्या वस्त्यांतून. सरकारने १८९८ साली मुंबई सुधारणा ट्रस्ट नेमला. या ट्रस्टने इमारतींसाठी साडेत्रेसष्ट अंशांचा नियम धरला. सोप्या भाषेत सांगायचे तर इमारतीची उंची समोरच्या मोकळ्या जागेच्या दुपटीहून जास्त नको, म्हणजे तळमजल्यावरही उजेड आणि वारा पोचेल. पण पहिल्या वर्षांत ट्रस्टने जेवढ्या खोल्या पाडल्या त्या मानाने बांधल्या कमी. उठवलेली माणसे शेजारच्या वस्तीत जाऊन आणखी दाटीने राहू लागली. पहिला धडा हा, की गरिबाची खोली पाडून रोग जात नाही. तो नव्या पत्त्यावर जातो.

दुसरा धडा अलीकडचा. १९९५ साली राज्यात झोपडपट्टी पुनर्वसनाची मोठी योजना आली. चाळीस लाख झोपडीवासीयांना मोफत घरे असा तिचा गाजावाजा होता. मोफत घर २२५ चौरस फुटांचे, पुढे २६९ आणि नंतर ३०० चौरस फुटांचे झाले. १ जानेवारी १९९५ पूर्वीचा पुरावा असेल तो पात्र, नसेल तो अपात्र. ही तारीखही नंतर पुढे सरकत गेली. हक्काचे पक्के घर मिळाले ही मोठी गोष्ट, ती कमी लेखू नये. झोपडीत राहणाऱ्याच्या मनावर कायम पाडापाडीची टांगती तलवार असते. ती गेली की झोपसुद्धा सुधारते.

पण मुंबईत गोवंडी-मानखुर्द भागात, रेल्वे आणि रस्त्यांच्या प्रकल्पांसाठी उठवलेल्या कुटुंबांना ज्या वसाहती दिल्या, तिथे वेगळेच दिसले. एका स्वयंसेवी वैद्यकीय संस्थेने आणि आयआयटी मुंबईच्या तज्ज्ञांनी तीन वसाहतींची पाहणी केली. लल्लूभाई कंपाऊंड आणि नटवर पारेख कंपाऊंड या दोन वसाहतींत इमारती एकमेकींना इतक्या खेटून, की खालच्या मजल्यांवर दिवसाही दिवे लावावे लागतात. तिथे क्षयाचे रोगी असलेली कुटुंबे, जरा मोकळ्या रचनेच्या तिसऱ्या वसाहतीपेक्षा कितीतरी पटींनी अधिक निघाली. जिथे ऊन आणि वारा कमी, तिथे क्षय जास्त. शंभर वर्षांपूर्वीचा तो नियम गरिबांची घरे बांधताना आपण सोयीने सैल केला, त्याची किंमत तिथली फुप्फुसे देत आहेत.

आपल्याच दाराशी कुंभारी

याउलट उदाहरण आपल्याच जिल्ह्यात आहे. अक्कलकोट रस्त्यावर कुंभारीला विडी कामगार बायकांची दहा हजार घरांची सहकारी वसाहत उभी राहिली. गोदावरी परुळेकरांचे नाव तिला दिले आहे. नरसय्या आडम यांच्या पुढाकाराने कामगारांनी वर्षानुवर्षे मागणी लावून धरली. केंद्राचा वाटा, राज्याचा वाटा आणि कामगाराचा स्वतःचा वाटा, असे पैसे जमले. २००६ साली तत्कालीन पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते घरे दिली गेली. पुढे असंघटित कामगारांसाठी तीस हजार घरांची रे नगर वसाहत हाती घेतली गेली. तिच्यातल्या पंधरा हजार घरांचे हस्तांतर १९ जानेवारी २०२४ रोजी झाले.

माझे काही पेशंट कुंभारीला राहायला गेले. शहर लांब पडते, येण्याजाण्याचे पैसे लागतात, सुरुवातीला पाण्याचे हाल झाले, अशा तक्रारी त्यांनी केल्या आणि त्या खोट्या नव्हत्या. पण परत भाड्याच्या खोलीत यायला त्यांच्यातली एकही बाई तयार नव्हती. एकीने कारण सांगितले, "भिंतीला भोक पाडायचं तर कुणाला विचारावं लागत नाही." मालकी म्हणजे काय, याचे याहून सोपे उत्तर मला ठाऊक नाही. जिथे माणूस स्वतःच्या मर्जीने खिडकी पाडू शकतो, ते त्याचे घर.

मग अक्कांना तिथे घर का नाही मिळाले? त्या वेळी कारखाना बंद पडून नवरा घरी बसलेला होता. आपला वाटा भरायला जमले नाही. नंतर जमवेपर्यंत यादी भरली. गरिबांतही जो थोडा बरा, तो आत शिरतो. जो त्या वर्षी आजारी किंवा बेकार, तो बाहेर राहतो. आणि बाहेर राहिला की पुन्हा आजारी पडतो.

आणि मी?

हे सगळे लिहिताना एक गोष्ट लपवणे बरोबर नाही. मीही घरमालक आहे. वडिलांच्या जुन्या वाड्यातल्या मागच्या दोन खोल्या आम्ही पूर्वीपासून भाड्याने देतो. अक्कांच्या खोलीतून परत आल्यावर दुसऱ्या दिवशी मी तिथे गेलो. एका खोलीची खिडकी आमच्याच गाडीच्या शेडने पूर्ण झाकली होती. शेड मीच घातली होती. भाडेकरू कधी बोलला नाही, कारण बोलला असता तर खोली जाईल ही भीती. महिनाभरात ती शेड मी काढली. फार मोठे काम नव्हते. तेवढेही इतकी वर्षे सुचले नव्हते.

वाचकांनी काय करावे?

दोन आठवड्यांहून अधिक खोकला, ताप, वजनात घट असेल तर थुंकी तपासून घ्या. सरकारी दवाखान्यात तपासणी आणि औषध दोन्ही मोफत आहे. घरात एक रोगी निघाला की सगळ्यांची तपासणी करा. रोग नसलेल्यांनाही प्रतिबंधक औषध मिळू शकते, त्याची चौकशी करा. उपचार चालू असेपर्यंत आहारासाठी सरकार पैसे देते. नोव्हेंबर २०२४ पासून ही रक्कम महिना एक हजार रुपये आहे. ती मागून घ्या.

खोली निवडताना भाड्याआधी खिडकी पाहा. आपल्यासारख्या उष्ण, कोरड्या हवेत खिडक्यांचे क्षेत्र जमिनीच्या निदान एक दशांश हवे. दहा बाय बाराच्या खोलीला तीन फूट बाय चार फुटांची एक खिडकी म्हणजे तेवढे झाले. समोरासमोर दोन झरोके असतील तर फारच चांगले. खिडकी शक्यच नसेल तर पत्र्याखाली भिंतीत वर जाळी बसवा. आजारी माणसाचे अंथरूण दारापाशी ठेवा, खोलीच्या टोकाला नको.

भाडेकरूंनी करार लेखी आणि नोंदणीकृत करून घ्यावा. तो नोंदवण्याची जबाबदारी मालकाची असते. १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्यानुसार, तो जिथे लागू आहे तिथे, जागा राहण्याजोगी दुरुस्त ठेवणे मालकावर बंधनकारक आहे. मालकाने लक्ष दिले नाही तर निदान पंधरा दिवसांची लेखी नोटीस देऊन भाडेकरू दुरुस्ती करू शकतो. तिचा खर्च वर्षाच्या भाड्याच्या एक चतुर्थांशापर्यंत भाड्यातून वळता करता येतो.

बार्शी, पंढरपूर, मोहोळ, अक्कलकोट, सगळीकडे आज शेतात गुंठ्यांचे प्लॉट पाडून विकले जात आहेत. स्वस्त म्हणून घाईने घेऊ नका. सातबारा, मंजूर रेखांकन, एन.ए. आदेश पाहा. जुन्या प्लॉटांसाठी २००१ चा गुंठेवारी कायदा आहे. २०२१ च्या दुरुस्तीने ३१ डिसेंबर २०२० पर्यंतच्या प्लॉटांना नियमित करून घेण्याची वाट मिळाली. कागद नसेल तर कर्ज नाही आणि गटारही लवकर येत नाही. मग शोषखड्डा आणि बोअर शेजारी शेजारी येतात आणि पावसाळ्यात कावीळ, जुलाब सुरू होतात. घर शक्यतो घरच्या बाईच्या नावावर घ्या. २०२१ पासून राज्यात त्याला मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलतही आहे.

आणि नगरपालिकेच्या निवडणुकीत उमेदवार दाराशी आला, की रस्ता आणि दिवा यांच्याबरोबर आणखी दोन गोष्टी विचारा. पगारपत्रक नसलेल्याला घर कसे देणार? आणि त्या घरात ऊन येणार का?

अक्कांची मुलगी बरी झाली. तिचे वजन सहा किलोंनी वाढले. मी घरमालकाला दोनदा भेटल्यावर त्याने पत्र्याखाली दीड फुटाची जाळी बसवू दिली. खर्च अक्कांनी केला. नव्या घरासाठी त्यांनी पुन्हा अर्ज भरला आहे, नंबर अजून लागलेला नाही. दर महिन्याला त्या मुलीचे वजन करायला येतात, आणि मी आता खोकल्याआधी खोलीची चौकशी करतो.